पानावर नसलेली थप्पड

प्रिय लुवी,

तुझा फोन बंद आहे आणि तो तसाच राहू दे. म्हणून हे पत्र तुझ्या बेबांग मावशींच्या हाती इलोइलोला पाठवतो आहे. त्यांनी ते वाटेत फोडून वाचलं असेलच, तर त्यांनाही नमस्कार.

तू तुझ्या चिमुकल्या एस्तेरला घेऊन निघून गेलीस तेव्हापासून चित्रीकरण थांबलं आहे. निर्मात्या पुरिताबाई रोज चर्चमध्ये मेणबत्ती लावतात. तू सुखरूप राहावीस म्हणून की कामावर परतावीस म्हणून, हे विचारायचं धाडस मला झालं नाही. भरतमुनींनी आठ रस सांगितले, बाई एकच मानतात, करुण. आणि तोही बायकांच्याच डोळ्यांतून गळायला हवा. मोठ्या भावाला मारावी तशी हाक मारून तू मला चिडवायचीस, ‘कुया, तरुणपणी संस्कृत शिकलास आणि पोटासाठी सवतींची भांडणं लिहितोस!’ खरं आहे. आपल्या चित्रपटांत बायको आणि सवत एकमेकींच्या थोबाडीत देतात, आणि ज्याच्यापायी हे चाललंय तो गृहस्थ बाजूला उभा राहून भात थंड होतोय का ते बघतो. थप्पड झकास बसली की थिएटरात टाळ्या पडतात. सेटवरही पडतात. ही आपली रीत, आणि तिनेच त्या दिवशी घात केला.

तुला आठवण करून द्यायची गरज नाही, पण मला ते एकदा नीट मांडून पाहायचं आहे. मारिकिनातलं भाड्याचं स्वयंपाकघर. प्रसंग साधा: बायकोच्या हातून ताटली फुटते, नवरा ओरडतो, ती माफी मागत तुकडे वेचते. तू म्हणालीस, ही बाई इथे माफी मागणार नाही. तुझा नवरा अर्सेनियो, आमचा दिग्दर्शक, कॅमेऱ्यामागून उठला, सावकाश चालत आला आणि त्याने तुझ्या कानशिलात भडकावली. ‘असं लागलं की मागेल,’ म्हणाला. मग कुणीतरी टाळी वाजवली आणि सगळा सेट कडाडला. अर्सेनियोने नटीला रंगात आणलं, असं वाटलं बिचाऱ्यांना. तुझा ओठ पाहून रंगभूषेच्या पोरीने कौतुकाने विचारलं, हे रक्त कुणी लावलं, फार छान जमलंय.

आता त्याने तुझ्या आणि एस्तेरच्या जवळ फिरकू नये असा हुकूम तू कोर्टाकडे मागते आहेस, आणि त्याचा वकील म्हणतो, मारहाण कसली, तालीम होती, लोकांनी टाळ्या वाजवल्या. साक्षीदार हवे तेवढे. सगळे प्रामाणिक, हीच पंचाईत.

परवा अर्सेनियो माझ्याकडे आला, लान्सोनेसची परडी घेऊन. पुढच्या चित्रपटाचं लेखन मलाच देणार, म्हणाला. मग फळ सोलता सोलता, ‘कुया, त्या प्रसंगात एक थप्पड लिहायची राहून गेली बघ. तेवढी घालून टाक.’ मी म्हटलं, वयोमानाने हात चालत नाही.

‘जन्मभर कागदावर बायकांना मारत आलास. ही एकच जड झाली?’

‘कागदावरच्या बायका मी लिहीन तशा मारतात किंवा खातात; लुवीला थप्पड लिहायची तर मी आधी तिला विचारतो,’ मी म्हणालो.

तो हसला. जाताना दारात माझ्या बायकोला म्हणाला, ‘वहिनी, तुमची लेक आमच्याच स्टुडिओत कपडे शिवते ना? सांभाळून राहा म्हणावं.’ तिने लान्सोनेस उचलून शेजाऱ्यांच्या डुकरांना घातली. आज सकाळी पाहतो तर माझा ठेवणीतला बारोंग सदरा इस्त्री करून खुर्चीवर टांगलेला. लेकीला तिच्या नोकरीचं विचारलं, तर म्हणाली, बाबा, कपडे सगळीकडेच फाटतात, शिवणारी कुठेही लागते.

तुझ्या वकीलबाई काल भेटल्या. साक्षीदारांतून माझं नाव तूच काढायला लावलंस म्हणे. कुयाचं पोट त्याच्या हातात आहे, असं सांगून. लुवी, माझं पोट तू पाहिलं आहेस, ते एका माणसाच्या हातात मावणारं नाही. सोमवारी सुनावणी आहे. त्या प्रसंगात काय होतं आणि काय नव्हतं, हे ज्याने तो लिहिला तोच ठामपणे सांगू शकतो, आणि न्यायाधीशबाई मला एवढंच विचारतील: तुम्ही लिहिलेल्यात थप्पड होती का? माझं नाव परत घाल. तू वकीलबाईंना फक्त ‘हो’ कळव. कोर्टात ‘नाही’ मी म्हणेन.

तुझाच,
कुया सेवेरिनो