डाव्या हाताचा रंधा

बाबा,

आधी कबुली देते. तुमचा रंधा हरवला नाही. माझ्या फिल्मसाठी मीच तो न विचारता उचलून आणला. तुम्ही घर डोक्यावर घेतलंत, आईलाही नको ते बोललात, आणि मी मूग गिळून गप्प बसले.

"यंत्र सगळ्यांना एकाच मापात बसवणार," असं तुम्ही म्हणायचात. मला तेच चित्रित करायचं होतं. म्हणून तुम्ही कोरलेल्या मुठीचं माप घेऊन थ्रीडी प्रिंटरवर तशाच बारा मुठी काढल्या, बारा रंध्यांना बसवल्या आणि बारा सुतारांच्या हातात दिल्या. अकरा जणांनी तोंडं वाकडी केली. "हात अवघडतो हो." प्रिंटर चालवणाऱ्या यंत्रवाल्यानं मापं तीनदा तपासली. केसाचाही फरक नव्हता.

बाराव्या सुतार एक बाई होत्या. त्यांनी मूठ डाव्या हातात धरली आणि एका दमात फळीभर लांबीची पातळ साल काढली. म्हणाल्या, "तीस वर्षं अवजारांशी झटापट केली. हे कुणी माझा हात बघून केलं?"

बाबा, तुम्ही डावखुरे. आणि जगाचे हात चित्रित करत फिरणाऱ्या तुमच्या मुलीला हे आठवलंच नाही.

आता यंत्रवाला प्रत्येकाच्या पंजाचं माप घेतोय, बारा जणांना बारा वेगळ्या मुठी. तुमचं म्हणणं खोटं ठरलं, तेही तुमच्याच रंध्यामुळे. मला तर आनंदानं उडी मारावीशी वाटतेय.

हे पत्र टाकत नाही. उद्या रंधा घेऊन स्वतःच येते. दार कुठल्या हातानं उघडता, ते या वेळी नीट बघीन.

तुमची,
रंधाचोर