न वाचलेला कागद

प्रिय बाबा,

तिकडे बर्नीत थंडी वाढली असेल. लाकडं मॅल्कमकाकांकडून फोडून घ्या, तुम्ही कुऱ्हाड उचलू नका. मी मेलबर्नला बरी आहे, वेळेवर जेवते.

विद्यापीठात आमच्या विभागात माणसं कमी करताहेत. सर्च इंजिनची परीक्षा घेताना आमची एक रीत असते: त्यानं शोधून आणलेला जो कागद तपासणाऱ्यांपैकी कुणी वाचलेलाच नाही, तो निरुपयोगी धरायचा. सगळं वाचायला माणसं कुठून आणणार? वर्षानुवर्षं मी हेच शिकवलं.

काल कपात ठरवणाऱ्या समितीतला ब्रेंटन, माझाच जुना विद्यार्थी, म्हणाला, "रोवेना, तुझे शोधनिबंध वाचायला कुणाला वेळच झाला नाही गं. मग तुझाच नियम लावला."

सगळे हसले. मीही हसले.

घरातल्या माझ्या खोलीत तुम्ही मासेमारीचं सामान ठेवता ना? ते हलवाल का? सावकाश हलवा.

तुमचीच,
रोवेना