गाणारा कधी चुकत नाही

ग्रीनवूड, मिसिसिपी
रविवार, चर्चहून आल्यावर

प्रिय अर्लीन,

न्यू ऑर्लिन्सहून तुझ्या रुथेलआत्याचा फोन आला होता. तू पियानोच्या शिकवणीला जायचं बंद केलंस म्हणे, आणि विचारलं तर म्हणालीस, "मला गाण्याचा कानच नाही, आत्या." तेव्हापासून मला अन्न गोड लागत नाही. काल मिस आयोलाने तळलेले मासे पाठवले, तेही तसेच झाकून ठेवलेत.

तू लहान असताना ओसरीवर तुझ्या मांडीवर गिटार ठेवून मी ब्लूज शिकवायचो, एकत्र छेडायच्या सुरांचे तीन कॉर्ड. गिटार तुझ्याहून मोठी. पहिला कॉर्ड म्हणजे आपलं घर, चौथा म्हणजे तेव्हा शेजारी राहणारी रुथेलआत्या, पाचवा म्हणजे नदीचा बांध. बांधावर फार रेंगाळायचं नाही. तू विचारलंस, "डॅडी, आत्याकडे जेवायला थांबले तर?" मी म्हणालो, थांब की, पण कडव्याचे बारा टप्पे संपता संपता घरी ये. पुढे तू पियानोवर बसलीस, आणि त्याच वाटेवर जॅझची अशी आडवळणं घ्यायला शिकलीस की मला पत्ता लागेना. तरी घरी मात्र बरोब्बर पोचायचीस. पोरगी माझी आहे, असं मी गावभर सांगत फिरायचो.

आता त्या शनिवारचं. मिस आयोलाच्या गुत्त्यात तू पहिल्यांदाच माझ्या साथीला बसलीस. दुसऱ्या कडव्यात टप्पे पुरे व्हायच्या आधीच मी कॉर्ड बदलला, तू मोजून जागेवर राहिलीस, आणि सगळं विस्कटलं. इथला रिवाज तुला ठाऊक आहे, गाणारा कधी चुकत नाही. तो नवव्या टप्प्यावर वळो की तेराव्या, साथीदाराने मुकाट मागे जायचं. मी माइकवरून म्हणालो, "शिकलेली पोर बघा. बाप कुठे गेला ते दिसत नाही, आकडे तेवढे मोजता येतात." सगळे खो खो हसले. ड्रमवरून वॉर्डेल ओरडला, "पोरी, बापाच्या पायाकडे बघ, पुस्तक राहू दे घरी." तू मान खाली घालून गाणं पुरं केलंस, आणि सकाळी नाश्ताही न करता न्यू ऑर्लिन्सची बस धरलीस. मी अंथरुणात जागाच होतो. उठलो नाही.

खरं सांगतो, बाळ, मी मुद्दाम वळलो नाही. मी हरवलो होतो. उभ्या जन्मात गायलेलं गाणं, आणि पुढची ओळच येईना, हात कुठे चाललाय कळेना. हल्ली असं होतं. परवा चर्चच्या वाटेवरच चुकलो, वॉर्डेलने घरी आणून सोडलं. त्या शनिवारी मी घाबरलो आणि रिवाजाच्या आड लपलो. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या ह्याच. मला माझी लाज वाटते. आज चर्चमध्ये देवापुढे साक्ष द्यायला उभा राहिलो आणि सगळ्यांदेखत सांगितलं, त्या दिवशी गुत्त्यात धड कान एकट्या माझ्या लेकीचा होता. वॉर्डेल खाली बघत बसला होता.

उद्या शिकवणीला जा. आणि मन झालं तर ये, पुन्हा माझ्या साथीला बस. मी भरकटलो तर रिवाज पाळू नकोस, माझ्या मागे येऊ नकोस. पहिल्या कॉर्डवर वाजवत राहा. तुझा आवाज ऐकत ऐकत मी घरी येईन.

तुझाच, अजून तुला ओळखणारा,
डॅडी