पाणबुडी पाहिली म्हणजे पाहिली

नवापूर

चि. विश्राम यास जानूभावजींचे अनेक आशीर्वाद.

तुझा गुडघा कसा आहे? मनोरची हवा कोरडी, तिथे एवढा दुखू नये. तुझी बहीण हिरा ठणठणीत आहे (म्हणजे माझ्याशी भांडते आहे).

कारण सांगतो. एकाहत्तरच्या लढाईवर माहितीपट काढणारी समिधा नावाची मुलगी कॅमेरा घेऊन गावात आली. तिला प्रत्यक्षदर्शी हवा होता, अख्ख्या गावाने माझ्याकडे बोट दाखवलं. मला नवा सदरा घालून बोंबील सुकवायच्या वलांडीपुढे बसवलं (चित्र छान येतं म्हणे, वास येत नाही). मी सांगितलं, पहाटेची वेळ, किनाऱ्यावर दिवाबंदी, आपली होडी बाहेर, आणि समोर शंभर हातांवर शत्रूच्या पाणबुडीची नळी! नळी वळली, तिने माझ्याकडे बघितलं आणि ती बुडाली. समिधा म्हणते, "आजोबा, तेव्हा काय वाटलं?" अगं बाई, हातात सुकाणू होतं, वाटायला सवड कुणाला? तेवढ्यात मागून हिरा ओरडली, "ह्यांना समोरचा मिठाचा डबा दिसत नाय, पाणबुडी कशी दिसली?" तेही रेकॉर्ड झालं.

आठवड्याने समिधाचा फोन. त्यांचे कुणी प्राध्यापक म्हणतात, आपल्या किनाऱ्याला पाणबुडी आल्याची कुठेच नोंद नाही, दुसरा साक्षीदार नसेल तर माझा भाग कापणार. मी ठणकावलं, शत्रू काय बंदरात पावती फाडून येतो? आणि प्राध्यापक त्या पहाटे कुठे होते? मी एक अक्षर बदलणार नाही. पन्नास वर्षं हळदीत, बारशात, गणपतीत हेच सांगत आलो. आता नातसून हेमालीसमोर खोटा ठरू? विश्राम, मला हे फार लागलंय.

दुसरा साक्षीदार म्हणून मी तुझं नाव दिलंय, सोमवारी समिधाची माणसं तुझ्याकडे येतील. छाती पुढे काढून बोल. कुणाला भ्यायचं नाही.

तुझा,
जानू तांडेल

ता. क. : तू पुढे नाळेवर होतास, मी मागे सुकाणूवर, आणि मधे आपलं अख्खं शीड. होडीवरून जे दिसलं ते किनाऱ्यावर तांडेलानेच सांगायचं ही आपली रीत, म्हणून मी सांगितलं. कॅमेऱ्याला रीत कळत नाही, त्यात माझा काय दोष?

आणखी एक ता. क. : सोमवारच्या आत एवढं मात्र कळव. तू तेव्हा नुसतं "भावजी, ते बघा!" असं ओरडला होतास. ते म्हणजे काय होतं, हे तुला विचारायचंच राहून गेलं.