माजी जावयाचं 'येतो'

गुरुवार, क्वेकर्स हिल, सिडनी

मंडळाच्या दिवाळी अंकासाठी आइसलँडच्या त्या मध्ययुगीन सरदारावर लिहायचंय, पण पेन पुढे सरकेना. त्याने आयुष्यभर दुसऱ्यांच्या सूडकथा लिहिल्या. शेवटी मुलीच्या आधीच्या नवऱ्यानेच, नॉर्वेच्या राजाच्या सांगण्यावरून, माणसं आणून त्याला त्याच्याच तळघरात मारलं. इतकं लिहून स्वतःचं कसं कळलं नाही त्याला?

आज आर्व्होला, म्हणजे दुपारी, समीर आला. घटस्फोटानंतर पहिल्यांदाच. लेकीने, मृण्मयीने, बजावलं होतं, त्याला घरात घेऊ नका. तरी मी चहा विचारला. जावई ना, सवय जात नाही. ती छोटीला घेऊन आमच्याकडे राहते, हे त्याला माहीत नव्हतं. दारातल्या गुलाबी बुटांकडे बघत राहिला. "नो वरीज, बाबा," म्हणाला आणि हसला. मग सहज विचारल्यासारखं, "गॅरेजचं दार अजून नीट लागत नाही का?"

लागत नाही. तोच दुरुस्त करणार होता.

निघताना वाकून नमस्कार केला. "येतो, बाबा."

गॅरेजच्या दाराला आतून कपाट लावून आलोय. आपल्यात निघताना कुणी 'जातो' म्हणत नाही, अशुभ मानतात. आज वाटलं, म्हणाला असता तर बरं झालं असतं.