न पाहिलेला भाग

दादा,

मालिकेतला बाप मुलाने केलेला खून दडपतो म्हणून टीव्हीला शिव्या घालणारे आपले बाबा, तू गाडीखाली एका रखवालदाराला चिरडून आलास तेव्हा इतके शांत कसे राहिले?

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या मालिकेचा आदल्या रात्रीचा भाग पुन्हा लागला, तेव्हा त्यांनी आपल्याला टीव्हीसमोर बसवलं. "नीट बघा. पोलिसांनी विचारलं, तर काल आपण चौघं घरी हेच बघत होतो."

आणि तू हसलास! "काय पदवीधर बाई, पाठांतर तुमचंच पक्कं. जबाब तुम्हीच द्या."

बाबाही म्हणाले, "खरंच, तू शिकलेली. तुझ्यावर विश्वास बसेल."

यासाठी शिकले मी? घरातली पहिली पदवी, आणि तिचा पहिला उपयोग खोटी साक्ष द्यायला? तो रखवालदार बराच वेळ रस्त्यात विव्हळत होता. तू थांबला असतास तर वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले. हे आईला सांगितलं, तर ती म्हणाली, "अगं, तो परका. हा आपला." त्याच्या घरी तो परका होता का?

हे पत्र मिळालं तर तू मामाकडे लपलायस तिथूनही पळशील, म्हणून पाठवत नाही. सकाळी चौकीत जाऊन मी सांगितलं, की तो भाग लागला तेव्हा तू घरी नव्हतास. जबाबावर सही केली आणि मामाचा पत्ताही दिला.

तुझीच,
धाकटी