कपाटाच्या दारातली बाई

आई, तुझी ती बाई काल गेली. कैरोत, स्वतःच्या घरी, वयामुळे. आज दुपारी मी भात लावत होते तेव्हा पुरवणीच्या संपादकांचा फोन आला. माझ्याहून बऱ्याच लहान आहेत, पण घाईतही नीट बोलतात. "मॅडम, इजिप्तच्या एक जुन्या अभिनेत्री गेल्यात. आपल्याकडे कुणाला फार माहिती नाही, पण तुम्हाला आहे म्हणे. सहापर्यंत लेख मिळेल?" मी म्हटलं, "पाचला देते." ही फुशारकी नव्हती. मोठी माणसं हयात असतानाच त्यांच्यावरचा मृत्युलेख लिहून ठेवायची आमच्या धंद्यात पद्धत आहे, आणि तिचा लेख माझ्याकडे कित्येक वर्षं तयार होता. ही पद्धत मी तुला एकदा सांगितली, तेव्हा तू हातातला बोंबील तसाच ठेवून माझ्याकडे पाहिलंस. "शी! मानूस जित्ता हाय आन् तुमी लिवून ठेवता? लाज नाय वाटत?" वाटत नाही, आई. उलट निवांतपणी लिहिलेलं बरं असतं, गडबडीत माणसाला न्याय मिळत नाही.

बाबा गेल्यावर तू मला पळस्प्याला मावशीकडे ठेवलंस आणि कुवेतला एका घरी कामाला गेलीस. तेव्हा मी साडेतीन वर्षांची होते. मधे एकदाही येता आलं नाही तुला. परत आलीस तेव्हा माझी दुसरी संपत आली होती. तुझ्या बॅगेत एक जाड ब्लँकेट होतं, दुधाच्या पावडरीचे डबे होते, आणि मासिकातून कापलेलं एक रंगीत पान होतं. काजळ घातलेले मोठे डोळे, एक भुवई वर, आणि खाली आपल्यापैकी कुणालाच न वाचता येणारी अक्षरं. ते पान तू लोखंडी कपाटाच्या दाराला आतून चिकटवलंस, साड्यांच्या बाजूला. मावशीने विचारलं, "ही कोन गो? तुजी मालकीन?" तू म्हणालीस, "नाय. मैत्रीन हाय."

ही मैत्री कशी जमली ते मला हळूहळू कळलं. तिथे रमजानच्या महिन्यात रोजा सोडला की टीव्हीवर इजिप्तच्या मालिका लागत, आणि दरवर्षी त्यांत हीच बाई असायची. घरातली म्हातारी मालकीण तुला शेजारी बसवून घ्यायची. ती गादीवर, तू खाली भाजी निवडत. मालकिणीला रडू आलं की तुलाही यायचं. त्यातून तू अरबी उचललीस, तीही त्या टीव्हीतल्या बाईच्या ठसक्यात. मला शाळेला उशीर झाला की "यल्ला, यल्ला" म्हणून हाकलायचीस. आणि कोळीण भाव उतरवत नसली की एक भुवई अशी वर न्यायचीस की ती म्हणायची, "घे बाय, घे, पन अशी बगू नको!"

अजून डोळ्यांपुढे येतं: लहानगी मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसलेली आहे आणि तू मासळी साफ करता करता मला तिची गोष्ट सांगते आहेस. ती पाव भाजणाऱ्याची पोर. नवरा जहाजावर गेला तो आलाच नाही. तिने एकटीने भट्टी चालवली. दिरांनी दुकान लाटलं तेव्हा ती कोर्टात उभी राहिली आणि जज्जालाच दरडावलं. इथे तू सुरी उगारायचीस. मग ती लहान मुलीला बहिणीकडे ठेवून परमुलखात, मोठ्या घरी राबायला गेली. वर्षांनी परत आली, तर मुलगी बहिणीच्या मागे लपून विचारते, "ही कोन?" मी विचारायचे, "मग ती रडली?" तू म्हणायचीस, "नाय. रडून काय? तिनं पिशवी उघडली नि आदी चॉकलेट दिलं."

मी पनवेलच्या साप्ताहिकात लागले, त्या पहिल्याच वर्षी महिला दिनाच्या अंकासाठी परदेशी अभिनेत्रींवर पानभर मजकूर हवा होता. इंटरनेट नव्हतं, वाचनालयात काही सापडेना. मी तुझी गोष्ट जशीच्या तशी, तिचं चरित्र म्हणून लिहून दिली. लोकांना आवडलीही. आठवड्याने मोहल्ल्यातल्या एका चाचांचं पत्र आलं. त्यांनी उभा जन्म जहाजावर काढला होता, अरबी जाणत होते. फार अदबीने त्यांनी लिहिलं होतं की लेख उमदा आहे, पण यातलं या मोहतरमांच्या आयुष्यात काहीच घडलेलं नाही. ही तर त्यांनी मालिकांत केलेली कामं आहेत. संपादकांनी पत्र माझ्यासमोर धरलं. "पाव भाजणारी? अहो, वकिलाची मुलगी आहे ती! नाट्यशाळेत शिकलेली! चरित्र लिहिलंत की सिरियल?" सगळे हसले. पुढच्या अंकात चार ओळींचा खुलासा आला, माझ्या नावानिशी.

घरी येऊन मी तुझ्यावर ओरडले. वाचता येत नाही तर सांगायचं कशाला, असं म्हणाले. माझ्या तोंडून गेलेलं सर्वांत वाईट वाक्य तेच. तू हात पुसलेस. "तू इचारलंस ती कोन, मी सांगितलं. दर साली तोंड तेच. मना काय ठावं एक कुठं संपली नि दुसरी कुठं लागली? मना ती एकच बाई." त्यानंतर तू तिच्याबद्दल अवाक्षर काढलं नाहीस. मीही विचारलं नाही. दोन वर्षांनी तू गेलीस.

त्या खुलाशाने मला पत्रकार केलं. पुढे तीस वर्षं मी प्रत्येक गोष्ट दोनदा तपासली, आणि माझ्या नावाने दुसरा खुलासा कधी छापावा लागला नाही. तिचं खरं आयुष्यही मी तपासून लिहिलं. वडिलांचा विरोध पत्करून ती नाटकात गेली. सिनेमात आधी नायिकेची मैत्रीण, मग नायिका. लग्नानंतर काम सोडलं, लग्न मोडल्यावर परत आली. तोवर पडद्यावर नव्या मुली आल्या होत्या, म्हणून तिने टीव्ही धरला, जिथे जायला मोठे नट कचरत होते. तिथे ती घराघरातली झाली. उतारवयात मेकअप न करता आजीची कामं केली. मूल नव्हतं. हे आयुष्यही काही कमी नाही, आई. तू सांगितलेल्याइतकंच चिवट आहे.

अलीकडे तिच्या जुन्या मालिका फोनवर मिळायला लागल्या, खाली इंग्रजी भाषांतरासह. एकेक करून मी सगळ्या पाहिल्या. पाववाली सापडली. कोर्टातली विधवाही सापडली, आणि जज्जाला दरडावताना तिची भुवई अगदी तुझ्यासारखी वर गेली. फक्त मुलीला बहिणीकडे ठेवून गेलेली बाई कुठेच नव्हती. जी भूमिका सापडली नाही ती कुणाची होती हे कळायला मला शेवटच्या मालिकेचा शेवटचा भाग संपावा लागला.

तरी आजच्या लेखात मी तिच्यावर एक वाक्य ठेवलं होतंच. 'एका मालिकेत त्यांनी साकारलेली, पोटच्या मुलीने न ओळखलेली आई विसरता येत नाही.' पाचला दहा कमी असताना संपादकांचा फोन. "लेख छानच. एवढंच सांगा, ही मालिका कुठली? नाव टाकू." मी खिडकीपाशी होते. उलव्याच्या बाजूने विमान वर चढत होतं. आता विमानतळ इतका जवळ आलाय, आई. मी तपासलेलं आहे असं म्हटलं असतं तर त्यांनी विश्वास ठेवला असता, आणि तू छापून आली असतीस, कुणाच्या का नावाने होईना. मी म्हटलं, "ते वाक्य काढा. ते त्यांचं काम नाही." त्या जागी तिच्या आवाजाबद्दल एक ओळ दिली. लेख वेळेत गेला.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही. कपाट माझ्याकडेच आहे, पानाची चिकटपट्टी पिवळी पडली आहे, त्याच्या मागे कागद मावेल. एकच गोष्ट राहिली. तू परत आलीस त्या दिवशी सहारच्या विमानतळावर मी लाजून मावशीच्या मागे गेले, असं मावशी सांगायची, आणि मीही सगळ्यांना तेच सांगत आले. मी लाजले नव्हते. मी तुला ओळखलं नव्हतं. ते चॉकलेट मी तुझ्या हातातून घेतलं आणि मावशीच्या मागे जाऊन खाल्लं.